आधी कूळ की आधी जामीन?

१८६९ साली अहमदनगरच्या स्मॉल कॉज कोर्टाच्या न्यायाधीशापुढे एक पेच उभा राहिला. दोन दाव्यांत सावकारांनी कूळ, म्हणजे मूळ कर्जदार, आणि जामीन अशा दोघांवरही हुकूमनामे मिळवले होते. वसुलीची वेळ आली तेव्हा कुळांची मालमत्ता जप्त करून पाहण्याआधीच सावकारांनी अर्ज दिले, की जामिनांना दिवाणी तुरुंगात टाकावे. ज्याने पैसा घेतला, वापरला, तो बाहेर. आणि ज्याने फक्त त्याच्या पाठीशी उभे राहून सही दिली, तो आत. न्यायाधीशाने परस्पर हुकूम न देता मुंबई हायकोर्टाचा अभिप्राय मागवला. मुख्य न्यायाधीश सर रिचर्ड काउच आणि न्यायमूर्ती मेल्व्हिल यांनी दिलेले उत्तर अगदी थोडक्यात होते. जामिनावर दावा लावण्याआधी कुळाकडून वसुलीचे सगळे उपाय करून बघण्याचे बंधन धनकोवर नाही, आणि जामिनाविरुद्ध हुकूमनामा झाला की तो इतर कोणत्याही कर्जाच्या हुकूमनाम्यासारखाच बजावता येतो.

नगर जिल्ह्यातल्या या दोन छोट्या दाव्यांचे कागद आज कोणाला आठवत नाहीत. पण ते उत्तर अजून जिवंत आहे. बँकेत, पतसंस्थेत किंवा पगारदारांच्या सोसायटीत मित्राच्या, मेहुण्याच्या, सहकाऱ्याच्या कर्जाला जामीन राहताना जो कोणी सही करतो, त्याच्यावर आजही तोच नियम चालतो. ‘आधी कर्जदाराचे घर विका, मग माझ्याकडे या’ असे म्हणण्याचा हक्क त्याला नाही. नोटीस हाती पडल्यावर बहुतेक जामीनदार पहिले वाक्य नेमके हेच बोलतात. त्यांचे हे बोलणे भाबडेपणाचे नाही. ते एका फार जुन्या समजुतीतून येते, आणि त्या समजुतीला एके काळी या प्रदेशात शास्त्राचाही आधार होता, व्यवहाराचाही.

याज्ञवल्क्यस्मृतीत जामिनकीचे तीन प्रकार सांगितले आहेत: दर्शन, प्रत्यय आणि दान. दर्शनाचा जामीन म्हणजे ‘वेळेला माणूस तुमच्यापुढे आणून उभा करीन’ असे सांगणारा. प्रत्ययाचा जामीन म्हणजे ‘माणूस भरवशाचा आहे, माझ्या शब्दावर द्या’ म्हणणारा. आणि दानाचा जामीन म्हणजे ‘त्याने नाही दिले तर मी देईन’ असे कबूल करणारा. तिघांनाही शब्द खोटा पडला तर भरावे लागे. मात्र पहिल्या दोघांची जबाबदारी त्यांच्यापुरतीच असे, मुलांवर येत नसे. फक्त तिसऱ्या प्रकारात ती मुलापर्यंत पोहोचे. भाऊभाऊ, नवरा-बायको, बाप-लेक यांनी वाटणी होण्याआधी एकमेकांना जामीन राहू नये, असाही नियम होता. कारण उघड आहे: एकाच घरातून पैसा घ्यायचा आणि त्याच घराने हमी द्यायची, तर धनकोला मिळाले काय? शिवाय जामिनाला धनकोने चारचौघांत धरून पैसे भरायला लावले, तर कुळाने जामिनाला दुप्पट द्यावे, असे स्मृती सांगते. त्या दुपटीत जामिनाच्या गेलेल्या अब्रूची किंमत धरलेली दिसते. या स्मृतीवर विज्ञानेश्वराने मिताक्षरा ही टीका लिहिली ती चालुक्यांच्या कल्याणी नगरीत, सहाव्या विक्रमादित्याच्या काळात. पुढे महाराष्ट्रातल्या पंडितांनी शतकानुशतके ती प्रमाण मानली.

मराठेशाहीच्या कागदांत हीच विभागणी वेगळ्या नावांनी भेटते. हाजिर जामीन माणसाला हजर करण्याचा. माल जामीन पैशाचा किंवा सरकारी भरण्याचा. फैल जामीन वर्तणुकीचा, म्हणजे अमुक माणूस पुन्हा चोरी-दंगा करणार नाही याची हमी. गोतसभेपुढे किंवा पंचायतीपुढे वतनाचा तंटा आला की वादी-प्रतिवादी दोघेही आधी राजीनामा, म्हणजे राजी असल्याचा कागद, लिहून देत, आणि सोबत जामीनकतबा. पंच देतील तो निवाडा आम्ही मानू, नाही मानला तर हा जामीन जबाबदार, असा त्याचा आशय. पोलीस आणि बेलिफांची मोठी फौज नसलेल्या राज्यात निवाड्याची अंमलबजावणी या कतब्यावर उभी होती. जामीन हा वसुलीचा दुसरा खिसा नव्हता. त्याची गावातली पत, त्याचे नातेगोते, त्याचा दबाव हेच राज्याचे हत्यार होते. इंग्रज अधिकारी एल्फिन्स्टनने पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलुखावरचा आपला अहवाल १८१९ साली लिहिला, त्यात या पंचायतींचे आणि त्यांच्या शेजारीच चालणाऱ्या तगाद्याचे सविस्तर वर्णन आहे. धनको देणेकऱ्याच्या दारात धरणे धरी, माणूस बसवी, त्याचे बाहेर जाणे-येणे रोखी, प्रसंगी जेवणखाणही अडवी. लाजेनेच देणे वसूल व्हायचे.

गायकवाडांच्या बडोद्यात तर जामिनकीने राज्यच वेठीला धरले होते. कर्जबाजारी दरबाराला पैसा देताना सावकार दरबारच्या शब्दावर विसंबत नसत. ते पदरी असलेल्या अरब जमादारांची हमी मागत. या हमीला तिकडे बहांधरी म्हणत. जमादार शस्त्रधारी, दरबार त्यांच्या फौजेवर अवलंबून, म्हणून त्यांचा शब्द पक्का. हळूहळू हमी देणाराच मालक होऊन बसला. अखेर १८०२ साली ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेने बडोद्याला वेढा घालून अरबांना बाहेर काढले. सावकारांच्या या हम्यांचे पुढे काय, हा प्रश्न तेव्हा रेसिडेंट मेजर वॉकरपुढे आला. तोड निघाली ती अशी, की अरबांच्या जागी कंपनी स्वतः हमीदार झाली. त्या हमीने इंग्रजांना बडोद्याच्या तिजोरीत आणि कारभारात कायमचा पाय रोवता आला. पेशवे आणि गायकवाड यांच्यातला हिशेब मिटवायला गायकवाडांच्या वतीने गंगाधरशास्त्री पटवर्धन पुण्याला आले तेही इंग्रजांनी जिवाची हमी घेतल्यावरच. जुलै १८१५ मध्ये पंढरपुरात त्यांचा खून झाला. खुनाचा आरोप असलेल्या, पेशव्यांच्या मर्जीतल्या त्रिंबकजी डेंगळ्याला ताब्यात मागताना एल्फिन्स्टनने जो जोर लावला, त्याला हमी मोडल्याचे कारण होते. तिथून १८१७ च्या पुणे तहापर्यंतचा रस्ता फार लांब नव्हता.

गुजरात-काठेवाडात भाट आणि चारणही जामीन राहत. त्यांच्याकडे ना फौज, ना पैसा. ज्याची हमी घेतली तो फिरला तर भाट स्वतःच्या देहाला जखम करी, कधी जीव देई, आणि ते पातक शब्द मोडणाऱ्याच्या माथी बसे. याला त्रागा म्हणत. मराठीत रागाने आदळआपट करणाऱ्याला आपण त्रागा केला म्हणतो, त्यामागे एके काळी रक्त सांडलेले होते.

कंपनीचा आणि पुढे राणीचा कायदा आला तेव्हा हे सगळे प्रकार एका साच्यात ओतले गेले. १ सप्टेंबर १८७२ पासून भारतीय करार कायदा लागू झाला. त्याच्या १२८ व्या कलमाचा अर्थ असा, की करारात वेगळे ठरले नसेल तर जामिनाची जबाबदारी कुळाच्या जबाबदारीइतकीच, तिला बरोबर समांतर असते. माणूस आणून उभा करणे, त्याच्याबद्दल भरवसा देणे आणि त्याच्या वतीने पैसे भरणे यांत कर्जव्यवहारापुरता फरक उरला नाही. कर्जाच्या कागदावर सही करणारा प्रत्येक जण दानाचा जामीन झाला. न्यायालयाच्या दृष्टीने हा सरळ, स्वच्छ नियम होता. पण गावातला माणूस पूर्वीसारखाच ‘ओळखीचा आहे, बुडवणार नाही’ एवढेच सांगायला सावकाराकडे जात राहिला.

हा नियम अपरिहार्य होता असेही नाही. सह्याद्री उतरून गोव्यात गेले की दुसराच कायदा दिसे. पोर्तुगालची १८६७ ची दिवाणी संहिता १८६९ च्या फर्मानाने गोव्यालाही लावण्यात आली आणि १८७० पासून ती तिथे अमलात आली. तिच्यात रोमन परंपरेतून आलेला एक हक्क होता: ऋणकोची मालमत्ता आधी धुंडाळल्याशिवाय जामिनाला भरायला लावता येत नसे. जामिनाने हा हक्क आपणहून सोडला असेल किंवा कुळाबरोबर सारखाच देणेकरी म्हणून बांधून घेतले असेल, तर गोष्ट वेगळी. म्हणजे ज्या वर्षी मुंबई हायकोर्टाने नगरच्या जामिनाला ‘नाही’ म्हटले, त्याच वर्षी पणजीच्या जामिनासाठी ‘होय’ असा कायदा निघाला. दोन मराठी-कोकणी बोलणारे शेजारी, दोन साम्राज्यांचे दोन नियम. मुक्तीनंतर भारतीय करार कायदा गोव्यालाही लागू झाला आणि तिथल्या जामिनाने ती ढाल गमावली.

नगरच्या निकालाकडे त्या काळच्या परिस्थितीत ठेवून पाहिले, की त्याची धार कळते. अमेरिकेतले यादवी युद्ध १८६५ साली संपले आणि दख्खनच्या कापसाचा भाव उतरला. त्यात सारा वाढलेला. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जाच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत घातली होती, म्हणून सावकार दर तीन वर्षांनी व्याज मुद्दलात घालून नवे खत लिहून घेई. खत बदलले की रक्कम फुगे, आणि फुगलेल्या रकमेखाली पुन्हा अंगठे उठत. न वाचता येणाऱ्या माणसाचा अंगठा कोर्टात पूर्ण पुरावा ठरे. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुप्याच्या बाजारात उठाव झाला आणि पुणे-नगर जिल्ह्यांत पसरला. जमावाचा रोख पैशाअडक्यापेक्षा कागदांवर होता. सावकाराने खते आणि हुकूमनामे काढून दिले, की ते जाळून लोक बहुतेक ठिकाणी निघून जात. आपल्याला कशाने बांधले आहे, हे त्या माणसांना अचूक कळले होते.

दंग्यांच्या चौकशीनंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर हे चार जिल्हे आधी त्याच्या कक्षेत आले. कोर्टाला खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याची मुभा मिळाली, गावोगावी खते नोंदवणारे नेमले गेले, आणि पैशाच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला अटक करणे बंद झाले. कर्जात अडकलेल्या शेतकऱ्यासाठी तुरुंगाचे दार असे बंद झाले. जबाबदारीचा मूळ नियम मात्र जागच्या जागी राहिला.

मग सहकार आला आणि जामिनकीला नवे घर मिळाले. १९०४ च्या कायद्याने गावोगावच्या पतसोसायट्यांना मान्यता दिली. मुंबई इलाख्यातली पहिली सोसायटी १९०५ साली धारवाड जिल्ह्यात गदगजवळच्या कणगिनहाळ गावात निघाली. नमुना होता जर्मनीतल्या राइफायझनच्या खेड्यातल्या पतपेढ्यांचा: सभासद एकमेकांना ओळखतात, म्हणून तारणाऐवजी माणसाचीच हमी घ्यायची आणि सगळ्यांची जबाबदारी अमर्याद ठेवायची. एक बुडाला तर सगळ्यांनी मिळून भरायचे. कल्पना उदात्त होती आणि सावकाराच्या पाशातून सुटायला दुसरी वाटही नव्हती. पण १९२९ नंतरच्या मंदीत शेतमालाचे भाव कोसळले आणि थकबाकीचे डोंगर झाले. बुडीत सोसायटी गुंडाळताना अवसायक उरलेल्या सभासदांच्या दारी जाई. ज्याने घेतलेले फेडले होते, त्यालाही शेजाऱ्याचे भरावे लागे. गोरवाला समितीने १९५४ साली ग्रामीण पतपुरवठ्याची पाहणी प्रसिद्ध केली, तेव्हा शेतकऱ्याच्या एकूण कर्जात सहकाराचा वाटा जेमतेम ३.१ टक्के निघाला. सावकारांचा वाटा ७० टक्क्यांच्या आसपास होता.

स्वातंत्र्यानंतर महाराष्ट्रात सहकारी बँका, नागरी बँका, पगारदारांच्या संस्था, पतसंस्था यांचे जाळे पसरले आणि ‘दोन जामीनदार आणा’ हे वाक्य घरोघरी पोहोचले. गिरणीत, एसटीच्या डेपोत, शाळेच्या शिक्षकखोलीत ही सही अगदी सहज दिली जाते. फॉर्मवर कर्जदाराच्या खाली दोन रकाने असतात: सभासद क्रमांक, पगार, आधीचे कर्ज, सही. तू माझ्या फॉर्मवर कर, मी तुझ्या करतो. शिक्षकाच्या मुलीच्या लग्नाला, वाहकाच्या घराच्या स्लॅबला पैसा उभा राहिला तो याच सह्यांवर. मध्यमवर्गीय महाराष्ट्राच्या घडणीत या सहीचा मोठा वाटा आहे आणि तिला कमी लेखणे अन्यायाचे होईल. पण तिच्याबरोबर आणखी एक कागद जातो: पगारातून कपात करायला दिलेली संमती. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या ४९ व्या कलमाप्रमाणे अशा संमतीवरून मालकाने पगारातून रक्कम कापून संस्थेला द्यायची असते. कर्जदार नोकरी सोडून गेला किंवा निलंबित झाला, की पुढच्या महिन्याच्या पगारपत्रकात जामीनदाराच्या नावापुढे नवी कपात दिसते. कोर्टाची पायरीही मध्ये येत नाही.

इकडे ‘आधी कूळ की आधी जामीन’ हा प्रश्न पुन्हा एकदा वर आला, या वेळी पाटण्याहून. बँक ऑफ बिहारच्या दाव्यात खालच्या कोर्टाने दोघांवर हुकूमनामा दिला, पण अट घातली, की कुळाविरुद्धचे उपाय संपल्यावरच बँकेने जामिनाला हात लावावा. पाटणा हायकोर्टाने ती अट कायम ठेवली. १९६८ साली सर्वोच्च न्यायालयाने ती काढून टाकली. धनकोला थांबायला लावले तर हमी घेण्याचा हेतूच नष्ट होतो, असे न्यायालय म्हणाले, आणि आधार म्हणून त्याने जुने निकाल काढले, त्यांत नगरच्या स्मॉल कॉज कोर्टातून गेलेला १८६९ चा तो अभिप्राय होता. पुढे १९८७ च्या एका निकालात न्यायालय थोडे मागे सरले: गहाण मालमत्ता असेल तर बँकेने आधी ती विकावी, असा सूर तिथे होता. १९९२ साली इंडेक्सपोर्टच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तीही वाट बंद केली.

जामिनाला कायद्याने काहीच दिलेले नाही, असे मात्र नाही, आणि हा भाग जामीनदारांना कोणी सांगत नाही याची खंत वाटते. बँकेने जामिनाला न विचारता कर्जाच्या अटी बदलल्या, तर त्यानंतरच्या व्यवहारातून तो सुटतो. त्याच्या संमतीशिवाय कर्जदाराशी तडजोड केली किंवा मुदत वाढवून देण्याचा करार केला, तरीही सुटतो. त्याने पैसे भरले की बँकेचे कर्जदारावरचे सगळे हक्क आणि तारण त्याच्याकडे येतात, आणि कर्जदाराकडून तो वसूल करू शकतो. बँकेच्या हलगर्जीने तारण गेले तर तेवढ्या किमतीपुरता जामीन मोकळा होतो. १९८० च्या स्टेट बँक ऑफ सौराष्ट्रच्या खटल्यात बँकेच्याच ताब्यात तारण ठेवलेला माल नाहीसा झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने त्याचा भार जामीनदारावर टाकला नाही.

अडचण छापील हमीपत्रात आहे. बारीक अक्षरांत चार-पाच पाने, आणि त्यांत हेच हक्क एकामागून एक सोडून दिल्याची कलमे: अटी बदलल्या तरी माझी हरकत नाही, मुदत वाढवली तरी नाही, तारण सोडले तरी नाही, मला मूळ कर्जदारच समजावे. न्यायालयांनी ही कलमे अनेकदा ग्राह्य धरली आहेत. नवरा-बायको किंवा मित्र मिळून बँकेत जातात, अधिकारी फुल्या मारून देतो, आणि सह्या होतात. हमीपत्राची प्रत मागून घेणारा विरळा. कॅश क्रेडिटसारख्या चालू खात्याच्या कर्जाला दिलेली हमी पुढच्या व्यवहारांपुरती नोटीस देऊन मागे घेता येते, हे करार कायद्याचे १३० वे कलम सांगते. पण मैत्री तुटल्यावर किंवा धंद्यातून वेगळे झाल्यावरही ती नोटीस देण्याचे फार थोड्यांना सुचते.

गेल्या तीस वर्षांत वसुलीचे हात लांब झाले. १९९३ साली कर्जवसुली न्यायाधिकरणे आली. २००२ च्या सरफेसी कायद्याने कर्जदाराच्या व्याख्येतच जामीनदार घातला, त्यामुळे त्याने स्वतःचे घर तारण दिले असेल तर बँक कोर्टात न जाता साठ दिवसांच्या नोटिशीनंतर त्याचा ताबा घेऊ शकते. कंपन्यांच्या कर्जांना व्यक्तिगत हमी देणाऱ्या प्रवर्तकांवर १ डिसेंबर २०१९ पासून दिवाळखोरी संहिता लागू झाली आणि सर्वोच्च न्यायालयाने मे २०२१ मध्ये ती तरतूद वैध ठरवली. हजारो कोटी बुडवून स्वतः नामानिराळे राहणाऱ्यांच्या बाबतीत हे न्यायाचेच आहे. पण तोच समान जबाबदारीचा नियम साठ हजारांच्या कर्जाला सही दिलेल्या शिपायालाही लागतो. प्रवर्तकाने दिलेल्या हमीमागे त्याचा स्वतःचा फायदा असतो. शिपायाला त्या कर्जातला रुपयाही दिसलेला नसतो. या दोघांना कायद्याने एकाच मापाने मोजू नये, असे ठामपणे म्हणावेसे वाटते. गोव्याच्या जुन्या संहितेने दाखवलेली वाट, निदान छोट्या आणि बिनमोबदल्याच्या हमींपुरती, पुन्हा विचारात घ्यायला हरकत नाही.

महाराष्ट्रात सर्वाधिक जामीनदारांची गाठ पडते ती सहकार कायद्याच्या १०१ व्या कलमाशी. निबंधक चौकशी करून वसुलीचा दाखला देतो आणि त्यावर जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. त्या दाखल्याविरुद्ध फेरतपासणीचा अर्ज करायचा तर आधी वसूलपात्र रकमेच्या निम्मे पैसे भरावे लागतात. दाखल्यावर कर्जदाराबरोबर जामीनदारांची नावे असतात, आणि वसुली अधिकारी पहिल्यांदा जातो तो ज्याच्याकडे काही सापडेल त्याच्याकडे. जामीनदार वारला तरी हिशेब मिटत नाही. जुन्या शास्त्रात दानाच्या जामिनाच्या मुलापर्यंत बोजा जाई. आजच्या कायद्यात वारसावर तो वडिलांकडून आलेल्या मालमत्तेपुरता येतो. वडिलांनी कधीतरी गावातल्या कुणासाठी सही केली होती, हे अनेक मुलांना कळते ते वाटणीसाठी सातबारा काढल्यावर, इतर हक्कांच्या रकान्यात संस्थेचा बोजा दिसतो तेव्हा.